व्याह्यांचं 'बरं हाय'

या भूतलावर आजवर शिजलेला एकही पदार्थ असा नाही, ज्याच्यापुढे आमच्या व्याह्यांनी नाक मुरडलेलं नाही. बाकीची माणसं जेवायला बसतात, व्याही तपासणीला बसतात. ताट समोर आलं की आधी संशयाने बघायचं, मग भाताची दोन शितं बाजूला ओढून बोटाने चिरडायची, मग ती हुंगायची आणि मग सगळ्या पंगतीला ऐकू जाईल अशा आवाजात निकाल द्यायचा. आमच्या मुलाच्या साखरपुड्यात पहिला घास घेतल्याबरोबर ते म्हणाले, "इवाई, हळद मागच्या सालची हाय, आन् आचाऱ्यानं मीठ दोनदा टाकलं." आमच्याकडे व्याह्याला इवाई म्हणतात, आणि मुलीच्या बापाला पंगतीत उलट बोलायची सोय मुलाच्या बापाला फक्त कागदावर असते. मी हसलो. संतापजनक भाग असा, की संध्याकाळी आचाऱ्याने दोन्ही गोष्टी कबूल केल्या.

त्यांचा धंदाच तसा. गोंदियाच्या तांदूळ मिलांमध्ये त्यांनी चाळीस वर्षं धानाची पारख केली. पोत्यात लोखंडी परखी खुपसून काढलेला मूठभर नमुना तळहातावर घ्यायचा, हुंगायचा, एक दाणा दाढेखाली कट्टकन फोडायचा आणि सांगायचं की हा वासाचा चिन्नोर, ही साधी लुचई, हा चिन्नोर म्हणून आणलाय पण कुणीतरी त्यात लुचई मिसळलीय. त्यांचा एक नियम होता आणि त्याचं ते गावभर कौतुक सांगत फिरत : जिभेला लागलं नाही त्याला बरं म्हणायचं नाही. आमचं स्थळ बघायला आले तेव्हा त्यांनी माझ्या मुलाला शिक्षण विचारलं नाही, पगार विचारला नाही. आमच्या स्वयंपाकघरातून मूठभर कच्चे तांदूळ मागवले, एक दाणा फोडला आणि म्हणाले, "तांदूळ जुना हाय. बरं हाय." सोयरीक जमली. माझ्या एम.ए.च्या पदवीने, मुलाच्या इंजिनिअरिंगने जे साधलं नसतं ते बायकोने डब्यात जपून ठेवलेल्या तांदळाने साधलं, याचा मला अजून राग आहे.

'बरं हाय' ही त्यांची सर्वोच्च पदवी. ती मी त्यांच्या तोंडून सहा वर्षांत तीनदा ऐकली असेन. आणि अलीकडची दोन वर्षं तर तीही बंद झाली. पूर्वी शिव्यांत निदान तपशील असायचा, मोहरी जळाली, खोबरं खवट आहे, वगैरे. आता सरसकट एकच वाक्य : "ह्याच्यात काई दम नाई." माझ्या घरी दम नाही, त्यांच्या घरी दम नाही, बांधातल्या ताज्या मासोळीत दम नाही. मी समजलो की वयाबरोबर माज वाढला.

याच काळात आमची सूनबाई, म्हणजे त्यांची एकुलती एक मुलगी, हनोईत वेगळ्याच उद्योगाला लागली होती. मुलाला तिथल्या कारखान्यात नोकरी मिळाली म्हणून ती गेली. घरात बसून कंटाळली, तिथली भाषा शिकली आणि आता रोज सकाळी सात-आठ पर्यटक गोळा करून त्यांना जुन्या गल्ल्यांतून फिरवते, फुटपाथवरचं खाऊ घालते आणि कोणता पदार्थ कसा होतो ते सांगते. लोक त्यासाठी महिना-महिना आधी नाव नोंदवतात. व्याह्यांना हे कळल्यावर ते माझ्या ओसरीत येऊन बसले. "एवढी शिकवली, इवाई. आन् पोरगी लोकायले गल्लीबोळानं खाऊ घालत फिरून राहिली. आमच्या खानदानात आचारी कोनी झाला नाई." पारख्याच्या मुलीने पारखच धंद्याला लावली, हे त्यांच्या टाळक्यात शिरायला तयार नव्हतं.

सूनबाईला मात्र ते नेमकं ठाऊक होतं. तिने मला फोनवर सांगितलं, "मामाजी, हजार लोकांनी चांगलं म्हटलं. बाबांनी एकदा 'बरं हाय' म्हणावं, बस. तुम्ही त्यांना घेऊन या." ती एरवी हट्ट करणारी पोर नाही. म्हणून मी ही धोंड गळ्यात बांधून घेतली.

प्रवासाबद्दल न बोललेलं बरं. कोलकात्याच्या गाडीत त्यांनी घरून आणलेली भाकर खाल्ली आणि तिच्यात दम नव्हता. विमान हनोईला उतरलं तेव्हा जरा आदळलं, तर शेजारच्या परक्या बाईला ते मराठीत म्हणाले, "आमच्या बिरसीच्या विमानतळावरचे शिकाऊ पोट्टे याच्यापेक्षा नीट उतरवतेत." बाईने मान डोलावली.

दुसऱ्या दिवशी सकाळी साडेसहाला आम्ही तिच्या टोळीत सामील झालो. इंदूरकडची दोन जोडपी, तीन कॉलेजच्या पोरी आणि आम्ही दोघे म्हातारे. ही पर्यटक जमात मला मुळातच आवडत नाही. गरम वाटी समोर आली की हे लोक तिचे सतरा फोटो काढतात आणि ती गार झाल्यावर गार आहे म्हणतात. तिथले लोक फुटपाथवर प्लास्टिकच्या वीतभर उंच स्टुलांवर बसतात. व्याह्यांचा देह त्या स्टुलावर स्थिर करायला मला आणि एका इंदूरकराला मिळून दोन मिनिटं लागली.

पहिल्यांदा तांदळाची आटवलेली पेज आली, वर कोथिंबीर आणि तळलेल्या पिठाचे तुकडे. पोरी 'वाव' म्हणाल्या. व्याही म्हणाले, "आमच्याकडं तापकऱ्याले देतेत." पुढच्या ठिकाणी एक बाई उकळत्या भांड्यावर फडकं ताणून त्यावर तांदळाचं पातळ पीठ पसरत होती आणि बांबूच्या काडीने अख्खं पारदर्शक धिरडं अलगद उचलत होती. ते कसब बघायला मीही पुढे वाकलो. व्याह्यांनी एक घास खाल्ला. "दम नाई." मग अंडं फेटून घातलेली कॉफी आली. तिच्याबद्दल ते जे बोलले ते सूनबाईने टोळीला भाषांतर करून सांगितलं नाही. दर वेळी ती त्यांच्या तोंडाकडे बघायची आणि दर वेळी पुढे चालू लागायची, अधिक मोठ्या आवाजात माहिती देत. मला त्या माणसाचा गळा धरावासा वाटत होता.

मग तांदळाचं दुकान आलं. इथे तिने मुद्दाम टोळी थांबवली. "माझे बाबा डोळे मिटून तांदूळ ओळखतात," तिने सगळ्यांना सांगितलं. तिचा चेहरा असा फुलला होता की मी शाळेत शिकवत असतानाची बक्षीस समारंभातली पोरं आठवली. दुकानदारणीने व्याह्यांच्या दोन्ही तळहातांवर दोन तांदूळ ठेवले. "बाबा, ह्यातला वासाचा कोणता?"

व्याह्यांनी डावा हात नाकाशी नेला. मग उजवा. मग पुन्हा डावा. खूप वेळ. मला सर्दी होती, तरी हातभर अंतरावरून उजव्या मुठीतला घमघमाट येत होता. इंदूरकरांनी फोन उगारले. व्याह्यांनी दोन्ही मुठी पोत्यात झटकल्या. "दोन्हीत दम नाई," म्हणाले आणि बाहेर चालते झाले.

टोळी ओशाळं हसली. सूनबाई पोत्याकडे बघत उभी राहिली. माझं डोकं सणकलं. इवाईचा मान गेला खड्ड्यात म्हणून मी त्यांच्यामागे गेलो आणि कोपऱ्यावरच्या झाडाखाली त्यांना गाठलं. "का जी, पोरीचं तोंड पाह्यलं का? एक शब्द बोलायला तुमचं काय जात होतं?"

त्यांनी तोंड रस्त्यावरच्या स्कूटरींच्या गर्दीकडे फिरवलं.

"मले वास येत नाई, इवाई," ते म्हणाले. "दोन साल झाले. त्या साथीच्या तापात गेला, तो आलाच नाई. चवबी गेली. तोंडात माती का भात, कळत नाई."

मी विचारलं, "घरी काऊन नाही सांगितलं?"

"पोरीच्या मायले सांगतलं असतं तं तिनं रांधलं कोनासाठी असतं? नावं ठेवली का तिले वाटते, मानूस हाय तसाच हाय." काम सोडताना मिलवाल्यांना त्यांनी गुडघ्याचं निमित्त सांगितलं होतं. "आन् पोरीले न चाखता बरं कसं म्हनू? जल्मात नाई म्हटलं."

दोन वर्षं या माणसाला मी मनातल्या मनात जे जे म्हटलं होतं, ते सगळं मला तिथे उभ्या उभ्या आठवलं. दम नाही हे ते खरंच सांगत होते. आम्ही ते अन्नाबद्दल समजत होतो.

शेवटचा मुक्काम चिकट भाताचा. केळीच्या पानावर पिवळा भात, वर मुगाच्या डाळीचा चुरा आणि तळलेला कांदा. हे तिचं सर्वांत आवडतं ठिकाण, इथल्या म्हातारीकडूनच ती भाषा शिकली. आज मात्र तिने फार काही सांगितलं नाही, वडिलांकडे बघितलंही नाही. पानं वाटून ती पैसे द्यायला गेली. व्याह्यांनी स्टूल माझ्याकडे सरकवलं. "इवाई, तुमी खा. आन् खरं सांगा. माह्यासाठी गोड बोलू नका."

मी खाल्लं. बासष्ट वर्षं मी जेवतोय, पण इतकं लक्ष देऊन कधी जेवलो नव्हतो. "दाणा मऊ आहे, पण मोडलेला नाही," मी हळू आवाजात म्हणालो. "डाळ गोडसर लागते. कांदा कुरकुरीत, जळलेला नाही. मीठ एक चिमूट जास्त आहे."

"नक्की?"

"नक्की."

ते माझं बोलणं घासाबरोबर चावत राहिले. पान रिकामं केलं. मग हाक मारली, "पोरी, इकडं ये." ती आली. "मीठ चिमूटभर जास्त झालं. दाना मोडला नाई. कांदा जळला नाई." मग माझ्याकडे बघितलं. "बरं हाय."

सूनबाईने तोंडावर हात धरला. मग ती धावतच म्हातारीकडे गेली आणि तिच्या भाषेत काहीतरी भराभरा सांगू लागली. बोटांनी चिमूट दाखवत होती, हसत होती, डोळे पुसत होती. म्हातारीने भात चाखून बघितला आणि मान डोलावली. मिठाची खोड काढली म्हणूनच पोरीचा विश्वास बसला. नुसतं बरं म्हटलं असतं तर तिने आपल्या बापाचं खोटं ओळखलं असतं.

मी तिला अजून काही सांगितलेलं नाही. ते गुपित माझं नाही.

परतायच्या आदल्या दिवशी आम्ही पुन्हा तिच्याबरोबर गेलो. टोळी नवी होती. म्हातारीच्या गाडीपाशी ती सगळ्यांना सांगत होती, "हा माझ्या बाबांनी पास केलेला भात. चाळीस वर्षांत ते कधी चुकले नाहीत." व्याही मागे माझ्या शेजारी उभे होते. त्यांनी माझी बाही ओढली.

"इवाई, त्या दिशी मीठ खरंच जास्त होतं ना?"

"होतं," मी म्हणालो.

ते समाधानाने मुलीकडे बघू लागले. बाही मात्र त्यांनी बराच वेळ सोडली नाही.