पाच मंडळ्यांना वाटलेला आवाज

लग्न होऊन मी अकोल्याला आले तेव्हा आमची ख्रिस्ती मंडळी एक होती आणि तिचे पाळकही एक, म्हणजे आमचे हे. पुढे मंडळ्या पाच झाल्या आणि पाळक एकच राहिले. माझ्या थकव्याची सगळी कहाणी एवढ्यात सांगून होते. पण लोकांना विस्तारानं ऐकायला आवडतं, आणि मलाही आता दुसरं काम नाही.

ही वाढ कुणी ठरवून केली नव्हती. पातूरला आमच्यातली दोन-चार कुटुंबं राहायला गेली, त्यांनी ह्यांना महिन्यातून एकदा तरी या म्हणून गळ घातली. तेल्हाऱ्याला कापसाच्या जिनिंगमध्ये कामाला लागलेल्यांनी एका पत्र्याच्या खोलीत उपासना सुरू केली. मग अचलपूर झालं. मग अमरावतीच्या टोकाला नवी वस्ती उठली, तिथे. प्रत्येक ठिकाणी वेगळा पाळक नेमायला ना माणूस होता ना ऐपत. म्हणून ठरलं की जागा पाच असल्या तरी मंडळी एकच मानायची. हे म्हणायचे, "शरीर एक, अवयव पाच." मी म्हणायची, "अवयव वाढले, पण एस.टी.त चढणारे पाय दोनच आहेत."

नुसती रविवारची उपासना असती तरी निभावलं असतं. पण जिथे प्रार्थनेची खोली उभी राहिली तिथे तिच्यामागून काम आलंच. तेल्हाऱ्याला दुधाच्या पावडरीची पिंपं यायची, ते दूध कालवून पोरांना वाटायचं. पातूरला आठवड्याचा दवाखाना, अमरावतीला बायकांचा शिवणवर्ग, अचलपूरला मोठ्या माणसांना लिहायला-वाचायला शिकवायचा वर्ग. त्या वर्गात निम्मी माणसं नव्यानं बौद्ध झालेल्या घरांतली होती. त्यांना आमची गीतं नको होती, अक्षरं हवी होती. मंडळीत यावरून कुरकुर झाली तेव्हा हे शांतपणे म्हणाले, "मग अक्षरंच द्या. ती आपल्याकडे आहेत ना?" कुरकुर थांबली. कुरकुर थांबवायचं कामही ह्यांचंच होतं. कुणाचं भांडण मिटव, कुणासाठी तहसीलदाराशी बोल, कुणाच्या मयतीला जा. कर्णा वगैरे आमच्याकडे नव्हता. जे काही होतं ते ह्यांच्या गळ्यावर चालायचं.

आणि गळा होता खरा. भरदार, खोल, मागच्या रांगेतल्या बहिऱ्या म्हातारीलाही ऐकू जाणारा. लग्नाआधी मी ह्यांना पाहिलं नव्हतं, नुसतं ऐकलं होतं. आमच्या गावी कुणाच्या तरी लग्नात हे प्रार्थना करत होते आणि मी मागे बायकांत बसले होते. तेवढ्यावर मी होकार दिला. आता कुणाला सांगायला लाज वाटत नाही.

पण तो आवाज माझ्या वाट्याला कुठे यायचा? पाच गावं फिरून घरी येईपर्यंत तो संपलेला असायचा. आम्हाला मूलबाळ नव्हतं. घरात दोन माणसं, त्यातलं एक मुकं. जेवताना मी बोलायची, हे मान डोलवायचे. बाहेर शेकडो माणसांना रडवणारा-हसवणारा माणूस घरात मीठ हवं असलं तरी बोटानं दाखवायचा. कधीकधी मला मंडळ्यांचा हेवा वाटायचा, सवतीचा वाटावा तसा. आणि सवत तरी एकच असते.

नाताळात तर विचारूच नका. प्रभुभोजनाची, म्हणजे येशूच्या शेवटच्या जेवणाच्या आठवणीची, भाकर मोडायची ती पाळकाच्याच हातानं, असा नियम. पाळक एक, मंडळ्या पाच, आणि नाताळला प्रभुभोजन प्रत्येकाला हवं. म्हणून आम्ही नाताळच वाटून घेतला होता. प्रत्येक मंडळीचा नाताळ वेगळ्या दिवशी. पातूरचा आधी, मग तेल्हाऱ्याचा, असं करत अमरावतीचा नव्या वर्षात जाऊन पडायचा. दरवर्षी मी बिनखमिराच्या पोळ्या भाजायची, मनुका उकळून रस काढायची, बाटलीला फडकं गुंडाळून ह्यांच्या पिशवीत ठेवायची. माझ्या घरात नाताळ कधी झालाच नाही. फक्त पिशवी भरली जायची आणि रिकामी व्हायची.

मग एका वर्षी, पावसाळा सरता सरता, ह्यांचा आवाज बसला. आधी काढे झाले, मग गुळण्या. शेवटी डॉक्टरांनी घशात बत्ती धरून पाहिलं आणि मला बाजूला घेऊन सांगितलं, "नवीन वर्ष उजाडेपर्यंत एक शब्द बोलायचा नाही. बोलले तर हा आवाज कायमचा गेला समजा." मी मंडळीच्या बालवाडीतली एक पाटी आणली आणि ह्यांच्या हातात दिली. मग चार ठिकाणी कार्डं टाकली: पाळकांना बोलायला मनाई आहे, यंदा कुणी वाट पाहू नये, सगळ्यांनी आपापल्या गावी पंचवीस तारखेलाच नाताळ करावा. अकोल्याच्या मंडळीलाही तेच सांगितलं.

खरं सांगते, ती कार्डं लिहिताना मला वाईट वाटलं नाही. पहिल्यांदा घरात नाताळ होणार होता, आम्हा दोघांचा. दोघांपुरत्या करंज्या केल्या. एक कोंबडी आणून ठेवली. ह्यांचा आवाज वाचला तर निदान थोडासा तरी माझ्यासाठी उरेल, हा हिशेबही मनात होताच.

पंचवीस तारखेला सकाळी मी अंगण झाडत होते तर फाटकाशी तेल्हाऱ्याच्या लोकांनी भरलेला कापसाचा ट्रक येऊन थांबला. बायका-पोरं, पातेली, पिठाचे डबे. पुढे तिथल्या मंडळीचे वडील, म्हणजे कारभार पाहणारे म्हातारेबुवा. ते चपला काढून चवड्यांवर चालत आले.

"बाई, सायबाले तरास नोको म्हून आमीच आलो," ते अगदी हळू आवाजात म्हणाले.

"त्रास नको असेल तर घरी बसायचं असतं," मी म्हटलं.

"घरी बसून काय नाताळ होते काय? तुमीच तं कारडात लिवलं का यंदा पंचवीसलेच करा. आमाले वाटलं, सायेब एकटेच असतीन."

मी कपाळावर हात मारला. पण एवढ्यावर संपायचं नव्हतं. तासाभरात पातूरची एस.टी. आली. तिच्या मागे अमरावतीचे आगगाडीनं आलेले, टांग्यांतून. मग अचलपूरचे, जे आदल्या दिवशीच निघाले होते. प्रत्येकाला वाटलं होतं की साहेब एकटे आहेत आणि ही युक्ती आपल्यालाच सुचली. इतकी वर्षं ह्यांच्या फिरतीमुळे सगळ्यांचे नाताळ वेगळे पडायचे, त्या वर्षी माझ्याच कार्डांनी ते एका दिवशी आणले होते. एकमेकांना पाहून त्यांचे चेहरे पडले, आणि माझा तर आधीच पडलेला होता. अकोल्याची मंडळी शेजारच्या देवळातून, म्हणजे आमच्या चर्चमधून, बाहेर येऊन बघत उभी राहिली.

आणि हे सगळे लोक कुजबुजत होते. साहेबांना त्रास नको ना! पोरांच्या तोंडावर हात, पातेली अलगद खाली ठेवणं, चुलीसाठी दगडसुद्धा हळूच सरकवणं. भरल्या अंगणात नुसती खुसखुस. चिडायला गेले तरी हसू येई अशी अवस्था.

मग कुणीतरी प्रभुभोजनाचं काढलं. पाळक घरात आहेत, पाचही मंडळ्या दारात आहेत, मग उपाशी कसं परतायचं? माझं हसू गेलं. मी सरळ उंबऱ्यावर बसले.

"आत जायचं असेल तर माझ्या अंगावरून जा," मी म्हटलं. "ते बोलणार नाहीत. तुमचं काय, तुम्हाला दुसरा पाळक मिळेल. मला..."

तेल्हाऱ्याचे म्हातारेबुवा माझ्यासमोर जमिनीवरच बसले. "बाई, एक शबद नाई बोलू देत आमी त्यायले. हात त्यायचा, बोलनं आमचं. इतके वर्स ऐकून राहिलो. येते आमाले."

मागून खांद्यावर हात पडला. हे उभे होते, पांढरा झगा घालून. केव्हा उठले, केव्हा तयार झाले, मला कळलंच नाही. मी उठले. नाहीतर काय करणार होते?

एवढी गर्दी देवळात मावणार नव्हती, म्हणून अंगणातल्या कडुलिंबाखाली टेबल मांडलं. आमच्या दोघांच्या जेवणासाठी केलेल्या पोळ्या घेतल्या, आणि दरवर्षीच्या सवयीनं काढून ठेवलेला मनुकांचा रस पाणी घालून वाढवला. ह्यांनी भाकर हातात घेतली. आणि अंगणानं कुजबुज सोडून बोलायला सुरुवात केली. प्रभुभोजनाचे सगळे शब्द, पहिल्यापासून. अचलपूरकरांचा हेल वेगळा, तेल्हाऱ्याचा वेगळा, पण शब्दाला शब्द लागत होता. ह्यांचे ओठ घट्ट मिटलेले. फक्त हात चालत होते.

भाकरीचे शब्द संपले आणि पुढचे सुरू होण्याआधी सगळं अंगण थांबलं. दोघं-चौघं हलकेच खाकरले. पुस्तकात तिथे थांबा म्हणून कुठे लिहिलेलं नाही. तिथे हे थांबायचे. गेली काही वर्षं गळा साथ देईना म्हणून नेमके तिथे खाकरून आवंढा गिळायचे. मी कितीदा म्हटलं होतं, तिथे पाणी प्या. पाचही मंडळ्यांनी ते दुखणंसुद्धा प्रार्थनेचा भाग समजून पाठ केलं होतं. मी पदर तोंडात धरला. हसत होते की रडत होते, माझं मलाच ठाऊक नाही.

दुपार कलायच्या आत सगळे गेले. जाताना अंगण झाडून, चुलीचे दगड जागच्या जागी ठेवून गेले. हे आरामखुर्चीत बसले होते. पाटी मागितली आणि लिहिलं: "आता माझं काय काम?"

इतकी वर्षं मी देवाकडे दुसरं काय मागत होते? ह्या लोकांना ह्यांच्याशिवाय चालता येऊ दे, एवढंच. आणि आता ते मिळालं होतं. मी पाटी पदरानं पुसली आणि चहा ठेवायला आत गेले.

पुढचं थोडक्यात. त्या नाताळाची गोष्ट चर्चच्या वरिष्ठांपर्यंत गेली, आणि यथावकाश त्या-त्या गावच्या माणसांनाच दीक्षा देऊन पाळक नेमलं. एकेक मंडळी सुटी झाली, मोठी झाली. ह्यांचा आवाज परत आला, पण तो जुना नव्हे. घोगरा, बारीक, एका खोलीपुरता. उपदेशाला तो पुरेना. म्हणून हे घरी राहिले आणि बोलू लागले. वर्षानुवर्षं साठलेलं सगळं. एस.टी.तली माणसं, मयती, पातूरच्या दवाखान्यातली गंमत, आमच्या लग्नाआधीचंसुद्धा. जेवण झालं की मी भिंतीला पाठ लावून बसायची, हे खुर्चीत बसून सांगायचे. अख्खा आवाज, फक्त माझ्यासाठी.

आणि मी त्या सगळ्या वर्षांची इतकी दमलेली असायची की दोन वाक्यं ऐकेपर्यंत माझा डोळा लागायचा. ह्यांना ते दिसायचं. तरी हे थांबायचे नाहीत, फक्त आवाज आणखी हळू करायचे.