बाबांच्या आवाजाचं संकलन

जुन्या हेडफोनच्या तापलेल्या स्पंजचा वास आला की यवतमाळच्या घरातली मागची खोली आठवते. बाबांच्या सुतकात तेरा दिवस घराबाहेर पडता येत नव्हतं, म्हणून मी तिथेच बसून माद्रिदच्या एका दिग्दर्शकाचा स्पॅनिश चित्रपट संकलित करत होतो. आईला बाबांचा आवाज ऐकायचा होता. माझ्याकडे त्यांचं एकच ध्वनिमुद्रण होतं. हाताच्या सवयीनं मी त्यातला खोकला, अडखळणं, वाक्यांमधली शांतता काढून टाकली आणि संगणकात चित्रपटाला जागा हवी म्हणून मूळ फाइल पुसली. आईनं हेडफोन लावला आणि लगेच काढला. "हे कोण बोलून राह्यलं? स्पेनातला कोणी आणला काय? तुहे बाबा एवढ्या घाईनं कधी बोलले?" मी खरं ते सांगितलं. बाहेरच्या खोलीत भेटायला आलेली माणसं बसली होती. मला उठून कुठे जाताही येईना. हेडफोन पुन्हा कानाला लावत ती म्हणाली, "थांबवाचं बटन कोणतं, दाखव मले." मग प्रत्येक वाक्यानंतर ती आवाज थांबवी, बाबा घेत तेवढाच वेळ जाऊ देई आणि पुन्हा सुरू करी. आजही मी स्पेनातलेच चित्रपट कापतो. आता आईही नाही. ती कापलेली फाइल माझ्याकडे आहे, पण कुठे किती थांबायचं, ते मला ठाऊक नाही.