मावळतीआधीचं ताट

रविवारी समाजाच्या हॉलमध्ये किंजलची फिल्म लागली आणि गौतमचंदांनी ती पाहिली, तर? दोन दिवस सरलाबाईंच्या डोक्यातून हे हलत नव्हतं.

नवऱ्याचं, गौतमचंदांचं, तळोद्यात किराणा दुकान. डोंगरातला माणूस जीपमधून उतरून काही बोलायच्या आत ते पावरी बोलीत त्याच्या पाड्याची खबर विचारत. चाळीस वर्षांत चेहरा चुकला नाही. आता आपली आंघोळ झाली का, हेही बायकोला विचारतात. तीन वर्षांपूर्वी तोरणमाळच्या घाटात जीप दरीत कोसळून मुलगा श्रेणिक गेला, तेही लक्षात राहत नाही. दिवस मावळायला आला की ताटावर बसून विचारतात, "श्रेणिक जेवला?" चौविहाराचा नेम, सूर्य मावळला की पाणीही नाही. म्हणून सरलाबाई घाईने सांगतात, "जेवला. तोरणमाळलाच जेवून घेतलं त्यानं." मगच घास तोंडात जातो.

पुण्याला शिकणाऱ्या किंजलने वडिलांच्या विसरण्यावर अठरा मिनिटांची फिल्म केली आणि परवा आईला मोबाइलवर पाठवली. बाराव्या मिनिटाला कॅमेऱ्यामागून तिचाच आवाज आला, "पप्पा, श्रेणिकभैया नाही आता." सरलाबाईंनी तिथेच बंद केली.

"मम्मी, पुढे बघ तरी!" लेक फोनवर म्हणाली. "रोज खोटं बोलायचा कंटाळा नाही येत तुला?"

"तुला काय, तू सुट्टीपुरती येते," असं सुनावून त्यांनी फोन ठेवला होता.

आज ऊन भिंतीवरून वर सरकत होतं. ताट वाढलेलं, गौतमचंद मोरीत हात धूत होते. सरलाबाईंनी मन घट्ट करून पुढचं लावलं.

फिल्ममधल्या गौतमचंदांनी दाराकडे बघितलं. मग म्हणाले, "हळू बोल. मला आठवतं कधी कधी. तुझ्या मम्मीला वाटतं, तो तोरणमाळला जेवतो. वाटू दे. मी विचारलं, की तिला तेवढं सांगता येतं."

"किंजलची मम्मी," मोरीतून आलेले गौतमचंद समोर ताटावर बसले. "श्रेणिक जेवला?"

आज विचारतंय कोण, आठवणारा की विसरलेला? चेहऱ्यावरून कळेना. भिंतीवर बोटभर ऊन उरलं होतं. नेहमीचं वाक्य ओठांवर येऊन थांबलं.

"तुम्ही जेवा," त्या म्हणाल्या. "श्रेणिकचं नंतर बोलू. दोघं."

त्यांनी बायकोकडे बघितलं. मग भाकरीचा तुकडा मोडला.

सरलाबाईंनी मोबाइल उचलला. फिल्म हॉलमध्ये लागायच्या आधी घरी ये आणि आम्हा दोघांना दाखव, हे किंजलला आत्ताच सांगायला हवं होतं.