खुज्या निलगिरीचा चोर

सोमवारी मोजले तेव्हा खालच्या फांद्यांवर एकतीस कोवळे शेंडे होते. शुक्रवारी बावीस. कीड नव्हती, बुरशी नव्हती. देठ नखाने खुडल्यासारखे. म्हणजे माणसाचं काम.

"आपल्याकडे चोर आहे," मी मिस्टर टॅनना सांगितलं.

टॅन माझे बॉस. सिंगापूरच्या एका खासगी बागेत थंड काचघर होतं. बाहेर घामाच्या धारा, आत स्वेटर. तिथे मी हॉर्टिकल्चरिस्ट होते, म्हणजे झाडांची दाई. पाहुण्यांना टूर द्यायचं कामही मीच मागून घेतलं होतं. मला बोलायला लागतं.

"मीना, त्या जातीचं आपल्याकडे एकच झाड आहे," टॅन म्हणाले. "सहा आठवड्यांत सुधारलं नाही तर काढून टाकू. तिथे ऑर्किड लावू."

"ऑर्किड तर इथे बसस्टॉपवरही असतात!"

"हो. आणि ती मरत नाहीत."

आपल्याला निलगिरी म्हटलं की रस्त्याकडेचं उंचच उंच झाड आठवतं. ही जेमतेम माझ्या खांद्याएवढी. एकच खोड नाही, जमिनीतूनच चार-पाच खोडं फुटलेली. अशा झाडांना मॅली म्हणतात. ऑस्ट्रेलियातल्या एका कोपऱ्यात, मोजक्या खडकाळ टेकड्यांवर ही आपणहून उगवते. बाकी जगात कुठेच नाही. काचघरात ऊन कमी. त्यात शेंडा, म्हणजे वाढीचं टोक, पुन्हा पुन्हा मोडला तर झाड दमतं. हे मी प्रत्येक टूरमध्ये मोठ्या तोऱ्यात सांगायचे.

तेव्हा मी छप्पन्न वर्षांची होते. अक्कल येण्याचं वय टळून गेलं होतं. तरी या बाईंनी, म्हणजे मी, तक्ता आखला. तीन रंगांची पेनं वापरली. आणि संशयित म्हणून एकच नाव लिहिलं: सुलभाताई.

सुलभाताई साताऱ्याच्या. मुलगा इथे बँकेत, फ्लॅट तोआ पायोहला. "तो आठला जातो, आठला येतो. मधे मी आणि फ्रिज," असं त्या म्हणायच्या. त्यांनी काचघराचा वर्षाचा पास काढला होता. शाल पांघरून रोज निलगिरीसमोरच्या बाकावर बसायच्या. लंचला मी पंधरा मिनिटं त्यांच्याशेजारी टेकायचे. माझं दिवसभरातलं मराठी तेवढंच. ह्यांना जाऊन दोन वर्षं झाली होती, मुलगी लंडनला होती आणि यिशुनच्या फ्लॅटमध्ये रेडिओला उत्तरं देण्यापर्यंत माझी मजल गेली होती.

तरीही मी विचारलं.

"सुलभाताई, तुम्ही पानं तोडता का हो?"

त्या हसल्या. मग माझा चेहरा पाहून थांबल्या. "मी?"

"या बाकावरून हात पोचतो. आणि इथे रोज तुम्हीच असता."

त्यांनी दोन्ही हात माझ्या नाकासमोर धरले. "हुंगा."

"अहो, तसं नाही..."

"हुंगा की! निलगिरी आहे ती. वास लपतोय होय?"

मी हुंगलं नाही. झाडांना हात लावू नये, या पाटीकडे बोट दाखवलं. त्यांनी पिशवीतून एक डबा काढून बाकावर ठेवला.

"कोथिंबीरवड्या आहेत. तुमच्यासाठी आणल्या होत्या."

शाल सावरत त्या गेल्या.

पुढचे दहा दिवस बाक रिकामा होता. शेंडे मात्र बाविसांचे चौदा झाले. यावरून शहाण्या माणसाला काहीतरी कळलं असतं. मी वहीत लिहिलं, 'चोर वेळ बदलून येतो आहे.'

शेवटी टॅननी सीसीटीव्हीचं रेकॉर्डिंग मागवलं आणि मला ऑफिसात बोलावलं. पहिल्या तुकड्यात माझीच टूर होती. मी शेंडा खुडते, चुरगळते, पाहुण्यांच्या नाकाशी धरते.

"तो डेमो आहे," मी म्हटलं.

"प्रत्येक टूरला?"

"वास घेतला की लोक थांबतात. प्रश्न विचारतात. नाहीतर निघून जातात."

टॅननी दुसरा तुकडा लावला. टूर संपलेली, आजूबाजूला कोणी नाही. मी एकटीच झाडापाशी. हात आपोआप फांदीकडे जातो. शेंडा खुडून मी मूठ नाकाशी धरते आणि डोळे मिटते. कोपऱ्यातल्या घड्याळाप्रमाणे चार मिनिटं. दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशीही.

या दुसऱ्या तुकड्यातलं मला काहीही आठवत नव्हतं.

ह्यांना बारमाही सर्दी. रुमालावर निलगिरीच्या तेलाचा थेंब टाकल्याशिवाय घराबाहेर पडायचे नाहीत. "दवाखान्यात नांदतेय मी," असं म्हणत मी तीस वर्षं नाक मुरडलं.

"बंद करू?" टॅननी विचारलं.

"राहू द्या. चोर नीट ओळखता आला पाहिजे."

त्यांनी टिश्यूचा बॉक्स पुढे सरकवला आणि त्यापाठोपाठ इन्सिडेंट रिपोर्टचा फॉर्म. 'जबाबदार व्यक्ती' या रकान्यात मी पूर्ण नाव लिहिलं, मधल्या ह्यांच्या नावासकट.

झाडाभोवती दोरी लागली. टूरसाठी मी दुकानातून तेलाची बाटली आणली. मॅलीच्या बुडाशी जमिनीत एक लाकडी गड्डा असतो. वणव्यात वरचं सगळं जळलं तरी तो जिवंत राहतो. पाचव्या आठवड्यात त्यातूनच लालसर फुटवे आले. टॅननी ऑर्किड दुसरीकडे लावली.

डबा घासून, त्यात शंकरपाळी भरून, मी दोन रविवार तोआ पायोहच्या हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे इमारतींखालच्या खाऊच्या बाजारात, बसले. वर शेकडो खिडक्या. ब्लॉक नंबर माहीत नव्हता, फोनही नव्हता. रोजच्या त्या पंधरा मिनिटांत मी माझंच सांगत असायचे. तिकीट खिडकीवर चौकशी केली तेव्हा कळलं, सुलभाताईंचा पास आणखी चार महिने चालणार होता. तो वापरला गेला नाही.

डबा अजून माझ्याकडे आहे. लंडनहून आली की नात त्यात क्रेयॉन ठेवते.

या धंद्यात एवढं शिकले: कोणी हात पुढे करून 'हुंगा' म्हटलं, तर हुंगावं. आधी आपले हात.