जोतिबाची गुलाबी जीप

‘नाही’ हा शब्द देवाने जगातल्या माणसांना वाटला, तेव्हा माझे चुलत सासरे, ज्यांना आम्ही मामा म्हणतो, बहुधा कुणाला तरी जोतिबाला पोचवायला गेले होते. उचगावात त्यांच्या दारात एक जुनी जीप आणि दारामागच्या खिळ्याला तिची किल्ली. नवरी आणायची असो की रेडकू दवाखान्यात न्यायचं असो, मागेल त्याला मामा आधी चहा पाजतात आणि मग “बिरेक जरा लांबनं दाबा,” एवढंच सांगतात. रविवार तेवढा राखीव. त्या दिवशी गल्लीतल्या पाच म्हाताऱ्यांना जोतिबाला न्यायचं. डोंगरावर उधळलेला गुलाल वर्षानुवर्षं जीपवर बसत गेला आणि “देवाचा हाय, धुवायचा कसा?” म्हणून तो कधी धुतला गेला नाही. पावसाने जो जाई, तो पुढच्या ऐतवारी भरून निघे.

या जीपला पोलीस ठाणं दाखवण्याचं श्रेय माझं. माझ्या ओळखीच्या एका गृहस्थाला घरसामान हलवायचं होतं. “मामा, माणूस सज्जन आहे, माझी हमी,” असं मीच म्हणालो. माणसं ओळखण्यात माझा घरात दबदबा होता. तो त्या संध्याकाळी संपला. घरसामान म्हणून निघाल्या चोरीच्या पाण्याच्या मोटारी. सज्जन आत गेला, जीप मुद्देमाल म्हणून ठाण्याच्या आवारात गेली, आणि मी सासुरवाडीला जायचा बंद झालो. तिथल्या जप्त गाड्यांवर वेल चढलेले मी पाहिले होते. ही जीपही तशीच सडली, तर मामांना तोंड कसं दाखवायचं?

मामा मात्र रोज फडकं घेऊन ठाण्यात हजर. आपल्या जीपची काच पुसून झाली की शेजारच्या गाड्यांवरचे वेल ओढत बसायचे. हवालदार एकदा वैतागला, “आजोबा, हे पोलीस ठाणं हाय, गॅरेज न्हवं.”

“व्हय की,” मामा म्हणाले, “म्हणून तर काळजी वाटतीया.”

जीप सोडवायला कोर्टात अर्ज केला, तर घोडं अडलं रंगावर. पंचनाम्यात गुलाबी, आरसी बुकात पांढरा. ही तीच गाडी कशावरून? वकिलांनी मामांना तोंड न उघडण्याची तंबी दिली होती. पण न्यायाधीशांनी मूळ रंग विचारला आणि मामा उठलेच. “कंपनीनं पांढरी दिली सायेब, जोतिबानं गुलाबी केली. आता आमी कुणाला खोटं पाडायचं?” वकिलांनी डोळे मिटले. मामांची नजर चुकवून मागच्या बाकावर बसलेल्या मी बाकाखाली जागा आहे का ते पाहिलं. साहेबांनी चष्मा काढून बराच वेळ पुसला आणि चॅसिस नंबर तपासून आणायला सांगितलं. पुढच्या तारखेला नंबर जुळला, जीप सोडण्याचा हुकूम झाला, आणि मामांनी भर कोर्टात “चांगभलं!” अशी आरोळी ठोकली की शिपाई धावत आला. मला मात्र कित्येक दिवसांनी त्या दुपारी कडकडून भूक लागली.

बंधपत्रात अट होती : खटला संपेपर्यंत जीप विकायची नाही, तिचं रंगरूप बदलायचं नाही. मामांनी ती देवाच्या नवसासारखी पाळली. गुलाल कमी होऊ नये म्हणून पावसात ताडपत्री, वाढू नये म्हणून डोंगरावरही ताडपत्री. परतताना म्हाताऱ्यांना जीपच्या दारातच अडवायचे, “ए म्हातारे, पदर झाड आधी! कोर्टाचा रंग हाय त्यो.”

गेल्या महिन्यात खटला संपला, सज्जनाला शिक्षा झाली, मामा अटीतून सुटले. मी धीर करून उचगावला गेलो. इतके दिवस घोळवलेली माफी काही तोंडातून फुटेना. मामा ताडपत्रीची घडी घालत होते. “पाचातली एक गेली ओ मधल्या काळात,” ते म्हणाले. “शेवटपतुर पदर झाडून बसायची. उगंच वराडलो तिच्यावर.” मग घडी बाजूला ठेवून म्हणाले, “पावणं, एक जागा रिकामी हाय. ऐतवारी येताय न्हवं?”

गेलो. दर्शन घेऊन, नखशिखांत गुलाबी होऊन जीपपाशी आलो. चार म्हाताऱ्या सवयीने पदर झाडत उभ्या होत्या. मीही सदरा झटकू लागलो. मामांनी माझा हात धरला.

“ऱ्हाऊ दे पावणं. बसा तसंच. आता चालतंय.”