चिमी तापानं गेली

"ए बाई, रड. नाटकं नको करूस."

पोलिसांचा साहेब असा बोलला मला. सगळ्या पाड्यासमोर. पुढं कॅमेरा. शिपायानं कांदा फोडला नि माझ्या डोळ्यांवर चोळला. माणसं हसली. पाणी आलं, पण हेल निघंना. कुणाचं मयत असलं की हेल काढून रडायला मलाच बोलवत. म्हणून मला धरून आणलेली.

मयत नाय, तर रडू कुणाला? मग मी माझ्या चिमीचं नाव घेतलं. तापानं गेलेली माझी पोर. तिच्या नावानं ऊर बडवला.

"एक नंबर!" साहेब बोलला.

तवा सिद्धगडाच्या रानात एक दरोडेखोर लपलेला, पोलिसांना गावत नव्हता. आमच्याच पाड्यातल्या भागीचा पोरगा. दरोडे घातले त्यानं, ते खोटं नाय.

म्हसा गावच्या जत्रेत पोलिसांनी सिनेमाचा पडदा लावला. मी नि भागी शेजारी बसलेलो. पडद्यावर मी, रडतेय. पण आवाज माझा नाय. कोण बाप्या बोलत होता, "या माऊलीची लेक त्या नराधमानं मारली."

लोकं ओरडली, "ठेचा त्याला!"

भागी हळूच बोलली, "चिमी तापानं गेली ना गो? मीच तिच्या कपाळाला ओला फडका लावत होते."

शिपाई बाजूलाच उभा. मी पदर तोंडावर ओढला.

मग भागीला विहिरीवर कुणी येऊ देईना. मी पण माझी कळशी बाजूला ओढली. होय, मी पण.

पुढं पोराला रानात गोळी घातली. बाजारात पेढे वाटले. मयताला कुणी गेलं नाय. रडणारी मी, नि मी दार लावून घरात.

पोलीस परत आले. जीप थेट दारात. चिमीला ताप होता तवा हीच जीप मागायला धावलेले मी. रस्ता नाय, बोलले होते.

"आता हस," साहेब बोलला. "न्याय मिळाला, असं बोल."

कॅमेरा चालू झाला. मी बोलले, "माझी चिमी तापानं गेली. त्यानं नाय मारली. तुमी खोटं दाखवलंत."

"बंद कर रे ते! म्हातारी येडी झाली."

मी उठले. भागीच्या अंगणात जाऊन बसले. तिच्या पोराचं नाव घेतलं नि हेल काढला. पाड्यानं ऐकलं. भागी आतून बाहेर आली नाय. अजून बोलत नाय माझ्याशी. नाय तर नाय.

दर साली म्हशाच्या जत्रेला जाते. पडदा लावलेला त्या जागी उभी राहून मोठ्यानं सांगते, माझी चिमी तापानं गेली. लोकं येडी म्हणतात, शिपाई हाकलतो. परत जाऊन उभी राहते. अंगात धुगधुगी आहे तोवर सांगणार.