पहिल्या रविवारची भाकर

उजवा हात आधी चिंधीला पुसायचा, मग छातीवर ठेवायचा आणि मान जराशी खाली घालून म्हणायचं, "माझ्याकडून काही चुकलं असेल तर मनातून काढून टाका."

महिन्याच्या पहिल्या रविवारच्या आदल्या दिवशी आमच्या कारखान्यातला मिस्त्री हे वाक्य घेऊन प्रत्येकापुढे उभा राहायचा. भिवंडीत निजामपुऱ्याच्या एका गल्लीत आमचा कारखाना. कापड विणायचे चोवीस लूम, आणि ते बिघडले की दुरुस्त करणारा हा एकटा. मी तिथला मेहताजी, म्हणजे कारकून. दोन हजार सालानंतरची सात-आठ वर्षं आम्ही एका पत्र्याखाली काढली. खडखडाटात त्याचं वाक्य निम्मं ऐकूच यायचं नाही. हात छातीवर गेला की कारागीर समजून घ्यायचे.

"क्या मिस्त्री, पिछले महीने की माफी अभी पड़ी है मेरे पास," एक कारागीर म्हणायचा. चहावाला म्हणायचा, "चाय खराब मेरी, और माफी तुम मांगते हो?" मिस्त्री हसायचा, पण समोरचा "माफ, माफ" म्हणेपर्यंत हात खाली घ्यायचा नाही. माझ्या टेबलाशी शेवटी यायचा. "अहो, तुमचं माझ्याशी काय चुकणार?" मी म्हणायचो. "मेहताजी, लागतं ते समोरच्याला. आपल्याला कसं कळणार?"

तो नगरकडचा ख्रिस्ती. त्यांच्या रीतीप्रमाणे भेटल्यावर "सलाम" म्हणायचा, त्यामुळे गल्लीतल्या मुसलमानांनी त्याला वर्षभर आपल्यातलाच धरला होता. बिघडलेल्या लूमशी तो "ऐक ना बाबा" असं बोलायचा. खोटं मात्र त्याला अजिबात जमायचं नाही. एकदा शेठनं त्याच्या हातात फोन दिला आणि खुणेनं सांगितलं, व्यापाऱ्याला सांग लूम बंद आहेत म्हणून माल लांबला. मिस्त्री फोनवर हात ठेवून म्हणाला, "शेठ, लूमचा आवाज जातोय की त्याला." आम्ही हसून लोळलो. शेठ दोन दिवस त्याच्याशी बोलला नाही.

ही महिन्याची माफी कशासाठी, असं मी त्याला विचारलं होतं. त्यांच्या मंडळीत पहिल्या रविवारी प्रभुभोजन असतं. भाकरीचा एवढासा तुकडा आणि घोटभर द्राक्षाचा रस. कुणाचं मन दुखावलेलं असताना तो तुकडा घ्यायचा नाही, असं त्याच्या आईनं त्याला शिकवलं होतं. "आधी माणसाशी मिटवायचं," तो म्हणाला, "मग देवापुढे हात करायचा."

आता ज्या गोष्टीसाठी हे लिहायला बसलो ती सांगतो.

भिवंडीत कारखान्यांना सुट्टी शुक्रवारी, रविवारी काम. मिस्त्री रविवारी सकाळी दोन तास उपासनेला जाऊन यायचा. अशाच एका रविवारी तो पांढरा शर्ट घालून दाराशी पोचला, तेवढ्यात जवळच्या दिघाशी गावचा काळूराम नावाचा कारागीर ओरडला, "मिस्त्री, धोटा वाकडा धावतंय, बघून जा." धोटा म्हणजे आडवा धागा इकडून तिकडे नेणारा लाकडाचा ठोकळा, दोन्ही टोकांना लोखंड. मिस्त्रीला उशीर झाला होता. "आलोच दोन तासांत. तोवर जरा हळू चालव," म्हणाला आणि गेला.

लूम हळू चालत नाही. तो चालतो किंवा बंद असतो. हे मिस्त्रीइतकं कुणाला ठाऊक होतं?

अर्ध्या तासानं धोटा उडाला आणि काळूरामच्या उजव्या डोळ्यावर बसला. रिक्षात घालून त्याला ठाण्याच्या दवाखान्यात नेलं. डोळा गेला.

भरपाई द्यावी लागू नये म्हणून शेठनं मला आत बोलावलं आणि तो सांगत गेला तसं मी लिहीत गेलो: कारागीर लूमवर झोपला होता, म्हणून अपघात झाला. माझं अक्षर चांगलं. खाली पाचसहा जणांच्या सह्या झाल्या. मीही केली. मिस्त्री उपासनेहून आला तेव्हा शाई वाळत होती. तो तसाच शेठपुढे उभा राहिला. "शेठ, काळूराम जागा होता. त्यानं मला सांगितलं होतं. माझी चूक लिहा." शेठ म्हणाला, "तुझी माफी महिन्यातून एकदा असते ना? तेव्हा माग." कागद बदलला नाही. मिस्त्री त्याच संध्याकाळी ठाण्याला गेला आणि काळूरामच्या खाटेपाशी उभं राहून त्यानं सगळं कबूल केलं. काळूराम एवढंच म्हणाला, "जा तू."

तेव्हापासून महिन्याच्या त्या शनिवारी मिस्त्री आम्हा सगळ्यांची माफी मागून झाली की खारीचा पुडा घ्यायचा आणि टमटमनं दिघाशीला जायचा. दोन-तीनदा मीही बरोबर गेलो. काळूराम ओट्यावर बसलेला असायचा. लूमवर तो पुन्हा गेला नाही, म्हशी बघायचा. मिस्त्री छातीवर हात ठेवून आपलं वाक्य म्हणायचा. काळूराम दुसरीकडे बघत म्हणायचा, "बघू फुडच्या म्हयन्यात." मग चहा यायचा. दोघं भाताबद्दल, म्हशीच्या खुराबद्दल बोलायचे. मिस्त्री दाराची बिजागरी ठोकून द्यायचा, खाटेचा पाय बसवून द्यायचा. बघणाऱ्याला वाटावं, जुने दोस्त आहेत. परतीच्या टमटममध्ये मात्र तो बोटांवर पुढच्या महिन्याचा शनिवार मोजत बसायचा.

"तुम्ही ती भाकर घेत नाही, हे त्याला सांगा ना," मी एकदा म्हणालो. "तुम्हाला किती अडतंय ते कळू दे तरी."

"नको मेहताजी. ते सांगितलं तर तो माझ्यावर दया करून हो म्हणेल. त्याच्या मनातून यायला पाहिजे."

एकदा मी त्याच्याबरोबर उपासनेलाही गेलो. दुकानावरच्या माळ्यावर भाड्याची खोली, प्लॅस्टिकच्या खुर्च्या, एक पेटी. मिस्त्री शेवटच्या रांगेत बसला होता. भाकरीचं ताट हातोहात आलं, त्यानं ते शेजाऱ्याकडे दिलं आणि हात गुडघ्यांवर ठेवले. आधीच्या गाण्यांत त्याचा आवाज सगळ्यांत मोठा होता. ताट फिरताना तो गातही नव्हता. बाहेर पडताना पाळकसाहेब हळूच म्हणाले, "घेत जा हो. देवानं केव्हाच क्षमा केली."

"देवानं केली असेल साहेब," मिस्त्री म्हणाला. "पण डोळा काळूरामचा गेला."

असं पाच वर्षं चाललं. तुम्ही म्हणाल, एवढं सगळं बघणारा मेहताजी काय करत होता? काही नाही. दर महिन्याला मिस्त्री माझ्या टेबलाशी यायचा, माझ्याकडे माफी मागायचा, आणि मी कागद चाळत "अहो, राहू द्या" म्हणायचो. त्या सहीबद्दल तो मला एका शब्दानं बोलला नाही. बोलला असता तर बरं झालं असतं.

मग मिस्त्रीच्या छातीत कापसानं घर केलं. लूमवर आयुष्य घालवलेल्यांचं होतं तेच. शेवटी सरकारी दवाखान्यात खाटेवर होता. पाळकसाहेब ताटलीत भाकरीचा तुकडा घेऊन आले. मिस्त्रीनं मान हलवली. त्याला धाप लागलेली. माझ्याकडे बघून म्हणाला, "शनिवार कधी आहे?" शनिवारला चार दिवस होते. तो दोन दिवसांनी गेला.

त्या शनिवारी खारीचा पुडा घेऊन मीच दिघाशीला गेलो. काळूराम ओट्यावर होता. शेजारी दुसरी खुर्ची मांडलेली, पुसलेली.

"मिस्त्री कुठं हाय?"

मी सांगितलं. काळूरामनं मान म्हशीकडे वळवली.

"शेवटपर्यंत तुमच्या माफीची वाट बघत होता," मी म्हणालो. मला तेव्हा राग आला होता, तो मी लपवला नाही. "ती मिळाली नाही म्हणून पाच वर्षं त्यानं त्यांच्या देवळातली भाकर घेतली नाही. मरतानाही घेतली नाही."

"काय बोलताय?" काळूरामनं चांगला डोळा माझ्यावर रोखला. "मना कोनी सांगला न्हाय." तो ओट्यावरून अर्धा उठला. "आवो, माफ त मी कवाच केलता त्याला. दुसऱ्या-तिसऱ्या खेपंलाच."

"मग बोलला का नाहीत?"

"बोललो आसतो त तो परत आला आसता का? डोला गेल्यावर कारखान्यातना कोनी फिरकला न्हाय. तो येकटा येचा. मी म्हटला, माफी र्‍हाऊ दे बाकी, त्या निमतानं येत र्‍हाईल."

एकानं दया नको म्हणून सांगितलं नाही. दुसऱ्यानं सोबत सुटेल म्हणून सांगितलं नाही. आणि दोघांच्या मधे बसून चहा पिणारा मी, दोन वाक्यांत सगळं मोकळं करू शकलो असतो.

काळूरामनं पंच्याच्या टोकानं डोळा पुसला. पुसताना हात दोन्ही डोळ्यांवरून फिरला.

"मी झोपलेलो नवतो, येवढा तो येकटाच बोलला," तो म्हणाला. "गावात आजून मना झोपाल्या बोलतान. त्या कागदावर कोनी लिवला तसा, मना आजून ठावं न्हाय."

मी खारीचा पुडा त्या रिकाम्या खुर्चीवर ठेवला. उभा राहिलो आणि उजवा हात छातीवर ठेवला. पुढचं वाक्य मी इतकी वर्षं दर महिन्याला ऐकलं होतं, पण ते माझ्या तोंडातून निघेना.

"छातीत दुकतंय काय तुमच्या?" काळूराम काळजीनं म्हणाला. "बसा, बसा. पानी आनतो."